जोड कोण लावणार?

२०२४ साली स्टीम या संगणकावरच्या गेमच्या दुकानात अठरा हजारांहून जास्त नवे गेम विक्रीला आले. रोजचे पन्नास धरा. दहा वर्षांपूर्वी, २०१४ मध्ये, अख्ख्या वर्षाचा आकडा दोन हजारांच्याही आत होता. आता याच दुकानाने वर्षअखेरीला स्वतः जाहीर केलेला दुसरा हिशेब बघा. त्याच्या गिऱ्हाइकांनी त्या वर्षात प्रत्येकी किती गेम खेळले याचा मध्य काढला, तर तो येतो चार. लोकांनी खेळण्यात घालवलेल्या एकूण वेळापैकी त्या वर्षीच्या नव्या गेमांच्या वाट्याला आला फक्त १५ टक्के. आठ किंवा जास्त वर्षं जुन्या गेमांनी मात्र ३७ टक्के वेळ खाल्ला.

हे एका दुकानाचं झालं. प्लेस्टेशन, एक्सबॉक्स, निन्टेन्डो, आयफोन, अँड्रॉइड यांची दुकानं वेगळी, आणि बरेचसे गेम यातल्या तीन-चार ठिकाणी एकदमच झळकतात. जुना गाजलेला गेम नवा रंग देऊन परत येतो, मग तो फोनवर येतो, मग आणखी कुठल्या यंत्रावर येतो. त्यामुळे ‘नवीन’ म्हणून समोर येणाऱ्या ढिगातलं खरोखर नवीन काय, हेही चटकन कळत नाही.

यावर दोन प्रकारची माणसं एकच वाक्य बोलतात. घरातली वडीलधारी म्हणतात, फार झालं. आणि ज्यांनी आयुष्याची वीस वर्षं गेम खेळण्यात घालवली तेही आता म्हणतात, फार झालं, कचरा वाढला, पूर्वी कसे निवडक आणि दमदार गेम यायचे. पहिल्यांचं सोडून देऊ. त्यांना एक गेमही फारच वाटतो. दुसऱ्यांचं म्हणणं मात्र तपासून घ्यायला हवं, कारण ते अर्धं खरं आहे आणि त्यातून निघणारा निष्कर्ष सपशेल चुकीचा आहे. गेम जास्त झालेले नाहीत. कोणता गेम कुणापुढे ठेवायचा हे ठरवणारी माणसं नाहीशी झाली आहेत. कोल्हापूरकराला हा फरक समजायला जड जाऊ नये.

आधी त्या ‘निवडक’ काळाबद्दल. नव्वदच्या दशकात इथे ज्यांच्या घरी टीव्हीला जोडायचा गेम होता, त्यांना पिवळ्या किंवा काळ्या कॅसेटवरचं ‘९९९९ इन १’ आठवत असेल. कॅसेट खोचली की यादी उघडायची आणि पानांमागून पानं पुढे सरकत राहायची. दोन दिवसांत लक्षात यायचं की आत मुळात डझनभरच गेम आहेत. तोच मारिओ दुसऱ्या टप्प्यापासून सुरू केला की त्याचा नंबर वेगळा, तोच कॉन्ट्रा जास्त जीव देऊन ठेवला की त्याचा वेगळा. तो पूर खोटा होता. पण त्या काळात एक गोष्ट खरी होती: जुनी कॅसेट देऊन वर थोडे पैसे टाकले की नवी देणारा दुकानदार. गल्लीतलं कुठलं पोरगं धीराचं, कुठलं तापट, कुणाला गाड्या हव्यात आणि कुणाला मारामारी, हे त्याला पाठ असायचं. “हे नको नेऊस, तुला जमायचं नाही, दोन दिवसांत परत आणशील,” असं तो तोंडावर सांगायचा. पुढे सायबर कॅफे आले, तिथे रोड रॅश आणि काउंटर-स्ट्राइक आले, २००२ चा वाइस सिटी तर अजून हलायला तयार नाही. त्या कॅफेतही पलीकडच्या खुर्चीवरचा थोरला पोरगा हेच काम करायचा. ही माणसं गेमची चांगली पारखी होती असं माझं म्हणणं नाही. ती होती, इतकंच.

जगाच्या बाजारात याच काळाच्या थोडं आधी एक मोठी पडझड होऊन गेली होती. १९८३ साली अमेरिकेत घरगुती गेमचा बाजार कोसळला. घाईघाईत काढलेल्या कॅसेटींचे ढीग दुकानांत पडून राहिले. ‘ई. टी.’ या चित्रपटावरचा गेम अटारीने जेमतेम पाच आठवड्यांत करवून घेतला होता. न खपलेला माल न्यू मेक्सिकोतल्या अलामोगोर्डोच्या कचरा डेपोत पुरला गेला आणि २०१४ मध्ये खणून वर काढला गेला. गेमच्या पुराची गोष्ट निघाली की ही कथा सांगितली जातेच. पण तिच्यातून पुढे काय झालं ते सांगायचं राहून जातं. निन्टेन्डोने बाजार पुन्हा उभा केला तो कुलूप लावून. बाहेरच्या कंपनीने वर्षाला पाचच गेम काढायचे, कॅसेट आमच्याकडूनच बनवून घ्यायच्या, आमचा शिक्का नसेल तर यंत्र ती वाचणारच नाही. ज्यांना आज ‘निवडक’ काळाची आठवण येते, त्यांना या कुलपाची आठवण येते. आणि त्या कुलपाची किल्ली कोल्हापूरच काय, मुंबईच्याही कुणाकडे असण्याची शक्यता नव्हती.

इथे चित्रपटकार बाबूराव पेंटरांची आठवण काढायलाच हवी, आणि ती नुसती मान म्हणून नव्हे. खरी कॉर्नरच्या त्यांच्या कॅमेऱ्याच्या स्तंभावरून आपण रोज गाडी काढतो. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात चित्रपट काढायचा म्हटलं तर कॅमेरा परदेशातून यायचा. पेंटरांनी तो कोल्हापुरात घडवला. तो जमला तेव्हा कुठे १९२० मध्ये ‘सैरंध्री’ आला. त्यांच्या हाताखाली तयार झालेल्यांनी १९२९ साली याच गावात प्रभात फिल्म कंपनी काढली आणि १९३३ मध्ये ती पुण्याला नेली. पेंटरांची अडचण होती बनवायचं कसं. एकदा बनला की चित्रपट पाहिला जाणार होता, कारण पडदा होता आणि पडद्यावर लावायला आपलं असं फारसं काही नव्हतं.

आजच्या पोराचं नेमकं उलटं आहे. गेम घडवण्याचं यंत्र त्याला फुकट मिळतं. गोडो हे इंजिन पूर्ण मोफत. युनिटी आणि अनरियल धंदा मोठा होईपर्यंत जवळजवळ मोफत. शिकवणारे यूट्यूबवर बसलेलेच आहेत. २०१७ पासून स्टीमवर गेम ठेवायला शंभर डॉलर भरले की झालं. विक्री हजार डॉलरच्या पुढे गेली तर तेही परत. राजारामपुरीतल्या भाड्याच्या खोलीत बसून जगाच्या बाजारात माल मांडता येतो. कॅनडातल्या एका माणसाने आपलं खरं नाव न सांगता, पत्त्यांच्या डावावर बेतलेला ‘बलाट्रो’ जवळजवळ एकट्याने केला. फेब्रुवारी २०२४ मध्ये आल्यावर महिन्याभरात त्याच्या दहा लाख प्रती खपल्या आणि वर्षाच्या सर्वोत्तम गेमच्या नामांकनात तो शेकडो माणसांनी केलेल्या गेमांच्या रांगेत बसला. पुण्याच्या नॉडिंग हेड्सचा ‘राजी’ २०२० मध्ये आला. त्याआधी लोकांकडून पैसे जमवायचा त्यांचा प्रयत्न फसला होता. निन्टेन्डोचं जुनं कुलूप असतं तर भावाला शोधत निघालेल्या त्या पोरीची गोष्ट कुणी पाहिलीच नसती.

म्हणून पूर थांबवा म्हणणाऱ्यांना माझा पहिला प्रश्न असा की थांबवणार कुठे? दहा हजारांवर? मग अकरा हजारावा गेम आपला असणार हे लिहून घ्या.

पण दार उघडलं म्हणून आत जागा आहे असं होत नाही. ओळखीतला एक इंजिनिअरिंगचा मुलगा दीड-दोन वर्षं एका छोट्या कोड्याच्या गेमवर बसला होता. त्याच्या शेजारी बसून मी स्टीमची त्या दिवसाची नव्या गेमांची यादी खाली खाली सरकवत गेलो. मासेमारीचा शांत गेम. अंधाऱ्या बिल्डिंगमधलं भूत. त्यानंतर दुकानदारी: ‘सुपरमार्केट सिम्युलेटर’ २०२४ मध्ये धो धो चालला म्हणून पेट्रोल पंप, गॅरेज, पुस्तकांचं दुकान, सगळं एकाच साच्यातून काढलेलं. मध्येच एक सुंदर चित्रांचा, हाताने रंगवलेला वाटावा असा गेम. त्याच्याखाली एकही अभिप्राय नाही. मग चित्रांवरूनच एआयने काढलेला कळावा असा, बोटं सहा. मग पुन्हा भूत. त्या मुलाचा स्वतःचा गेम या यादीत अर्धा दिवसही वर राहिला नव्हता. “काका, शिव्या घातल्या तरी चालतील की,” तो म्हणाला, “पण कुणी बघंनाच.”

हे त्याचं दुःख कचऱ्यामुळे नाही. कचरा तर कुणी उघडतही नाही, तो कुणाचा वेळ खात नाही. त्याला खरी झुंज द्यावी लागते ती वरच्या आणि जुन्या गेमांशी. सिनेमा चार आठवड्यांनी थिएटरमधून उतरतो, नाटकाचे प्रयोग थांबतात. गेम उतरत नाही. ‘डोटा २’ आणि ‘जीटीए ५’ २०१३ पासून ठाण मांडून आहेत, आणि आजचं नवं पोर त्यांच्यासमोरच उभं राहतं. मोठा गडी आला की लहानांनी मैदान सोडायचं हेही ठरलेलं. ‘सिल्कसाँग’ची ४ सप्टेंबर २०२५ ही तारीख जेमतेम दोन आठवडे आधी जाहीर झाली, तर कितीतरी छोट्या मंडळींनी आपापल्या तारखा पुढे ढकलल्या. दिवाळीला हिंदी सिनेमा लागणार म्हटल्यावर मराठी निर्माता काय करतो ते ज्यांना ठाऊक आहे त्यांना यात नवल वाटणार नाही. आणि मोठं असून भागतं असंही नाही: सोनीचा ‘काँकॉर्ड’ २३ ऑगस्ट २०२४ ला आला आणि ६ सप्टेंबरला बंद झाला.

आता कोल्हापूरकराला जे आधीपासून माहीत आहे त्याकडे येतो. शाहू महाराजांनी १९०२ च्या युरोप दौऱ्यात रोमचं ते गोल मैदान पाहिलं आणि १९१२ मध्ये खासबागेचं मैदान उभं राहिलं. मधोमध हौदा, भोवती चढत गेलेली बैठक. कुठेही बसा, माती दिसते. पण कुस्तीचं मैदान बांधकामाने उभं राहत नाही, हे गावच्या जत्रेतलं मैदान पाहिलेल्याला कळतं. तिथे शंभर-दीडशे कुस्त्या सहज होतात. दुपारी हलगी कडाडायला लागली की आधी उतरतात ती लहान पोरं. रेवड्यांवरच्या, दहा-वीस रुपयांवरच्या कुस्त्या. लंगोट लावलेलं कुणीही पोर येऊन उभं राहतं, त्याला कुणी अर्ज मागत नाही. पण ते पोर एकटं उभं राहत नाही. मातीत दोन-तीन जुने पैलवान फिरत असतात, पांढरा शर्ट, डोक्याला फेटा किंवा टोपी, हातात कागदही नसतो. ते या पोराचा दंड चाचपतात, त्या पोराच्या खांद्यावर हात ठेवतात, दोघांची उंची नजरेनं मापतात, कुठल्या तालमीचा, वस्ताद कोण, एवढं विचारतात, आणि दोघांचे हात वर धरून गर्दीला दाखवतात. जोड लागली. गर्दीला ती विजोड वाटली तर आरडाओरडा होतो आणि जोड मोडावी लागते. संध्याकाळपर्यंत इनाम वाढत जातं, गडी वाढत जातात, आणि पहिल्या नंबरची कुस्ती लागते तेव्हा प्रेक्षक चार तास डाव बघून तयार झालेला असतो. ढाक कुठे बसली, घिस्सा का सुटला, हे बिडी ओढणारा म्हाताराही बोलत असतो.

त्या मैदानात दीडशे कुस्त्या झाल्या म्हणून ‘फार झाल्या’ असं कुणी म्हणत नाही. रेवड्यांवरच्या शंभर नसत्या तर शेवटची लागलीच नसती, हे सगळ्यांना कळतं.

जोड लावणारा आणि दारावरचा पहारेकरी, यांतला फरक मला महत्त्वाचा वाटतो. पहारेकरी आत येऊ द्यायचं की नाही ते ठरवतो. त्याच्या हातात सत्ता गेली की काय होतं हे या देशात आणि या जिल्ह्यात कुणी कुणाला सांगायला नको. जोड लावणाऱ्याला अडवण्याचा अधिकारच नाही. आलेल्या प्रत्येकाला कुठे आणि कुणासमोर उभं करायचं एवढंच त्याचं काम, आणि तेही भर गर्दीत, चुकलं तर शिव्या खाऊन. निन्टेन्डो पहारेकरी होता. कॅसेटचा दुकानदार जोड लावणारा होता. पहारेकरी गेला हे चांगलंच झालं; त्याच्या पाठोपाठ जोड लावणाराही गेला आणि आपण दोघांच्या जाण्याला एकच समजून बसलो.

त्याच्या जागी आता अल्गोरिदम आहे, असं उत्तर मिळतं. स्टीम, प्ले स्टोअर, यूट्यूब, सगळीकडे तोच तुम्हाला सुचवतो. पण तो बघतो काय? किती जणांनी विशलिस्टमध्ये टाकला, किती जणांनी पहिल्या दिवसांत घेतला, घेतलेल्यांनी अजून काय घेतलं. म्हणजे गड्याच्या मागे किती माणसं आहेत ते तो मोजतो, आणि माणसं असली की आणखी माणसं पाठवतो. दंड चाचपत नाही. ज्याच्या मागे कुणीच नाही त्याची जोड तो लावूच शकत नाही, कारण त्याच्याकडे त्या गड्याबद्दल मोजायलाच काही नाही. ‘अमंग अस’ २०१८ मध्ये आला आणि दोन वर्षं पडून राहिला; २०२० च्या टाळेबंदीत काही स्ट्रीमरांनी तो खेळून दाखवला आणि जगभर पसरला. गेम तोच होता. मध्ये माणूस आला. २०१४ मध्ये ‘फ्लॅपी बर्ड’ चालला तेव्हा अल्गोरिदमच्या जगात काय झालं तेही पाहा: व्हिएतनामच्या त्या तरुणाने कंटाळून गेम मागे घेतला आणि त्याच्या नकलांनी दुकानं भरली.

मग माणूस का नाही? इंग्रजीत आहे, थोडा का होईना. मराठीत जवळजवळ नाही. चित्रपटाचं परीक्षण आपल्या वर्तमानपत्रांत शंभर वर्षांच्या आसपास चालत आलं आहे. नाटकाला तर समीक्षेचा दरबार आहे. देवल क्लबातल्या मैफिलीवर दोन परिच्छेद लिहायला अजूनही कुणीतरी सापडतं. गेम मात्र आपल्या पानांवर येतो तो बहुधा पोराने फोनसाठी घर सोडलं म्हणून, नाहीतर कुणी रमीत पैसे घालवून जीव दिला म्हणून. सप्टेंबर २०२० मध्ये पब्जी बंद झाला ती बातमी. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने पैशांच्या ऑनलाइन खेळांवर बंदीचा कायदा केला ती बातमी. त्या कायद्याने निदान एक चांगलं केलं, पैसे लावायचा खेळ वेगळा आणि बाकीचे वेगळे असं कागदावर मांडलं. आपल्या घरात ते अजून एकच आहेत. ज्या गोष्टीकडे आपण फक्त व्यसन म्हणून बघतो तिच्यात डाव बघायची नजर तयार होणार कुठून? पेठेतली पोरं रात्री दोनपर्यंत पब्जीचा भारतीय अवतार बीजीएमआय खेळतात, शाहू स्टेडियमवर पाटाकडील आणि शिवाजी तरुण मंडळाच्या सामन्यात पंचाची चूक मिनिटाला पकडतात, पण एखादा गेम वाईट का आहे हे विचारलं तर “बोर हाय” याच्या पुढे वाक्य जात नाही. पोरांना बुद्धी नाही असं थोडंच आहे. फुटबॉलबद्दल बोलायची भाषा त्यांना बापाकडून, चुलत्याकडून, गॅलरीत बसून मिळाली. गेमबद्दल बोलणारं त्यांच्या घरात कुणी नव्हतं.

यावर एक सोपा उपाय लगेच सुचवला जातो: आपल्या मातीतले गेम करा. पन्हाळा घाला, रंकाळा घाला, मागे हलगी वाजवा. मला याची धास्तीच वाटते. तांबडा-पांढरा रस्सा दाखवला म्हणून गेम चांगला होत नाही, जसा फेटा बांधला म्हणून पैलवान होत नाही. आणि तसा गेम आला तरी तो त्या पन्नासांच्या यादीत अर्ध्या दिवसात खालीच जाणार. आधी बघणारे हवेत. पेंटरांच्या मागे हा प्रश्न नव्हता. पण नाटकाला, कुस्तीला, गाण्याला जाणकार प्रेक्षक मिळावा यासाठी या गावाने पैसे, जागा आणि माणसं खर्ची घातली आहेत; ते आपोआप झालेलं नाही.

करायचं म्हटलं तर काम लहान आहे. कॉलेजांच्या टेक्निकल फेस्टिव्हलमध्ये तेच ते दोन गाजलेले गेम लावून स्पर्धा घेतात. तिथे एका टेबलावर पाच अनोळखी छोटे गेम मांडावेत, आणि खेळून झाल्यावर पोरांना माइक देऊन बोलायला लावावं. तासावर प्लेस्टेशन देणारा पार्लरवाला आजही गिऱ्हाईक ओळखतो. त्याला महिन्याला एक नवं नाव कुणी सांगितलं तर तो ते लावेल, त्याचा धंदाच तो आहे. आणि वर्तमानपत्रांनी रविवारच्या पुरवणीत अर्धा कॉलम द्यावा. अठरा हजारांतले सगळे कोण बघणार, हा प्रश्न तिथे उरत नाही. वर्षाला पन्नास बघितले तरी चालतील, पन्नास निरनिराळ्या लोकांनी बघितले तर फारच बरं.

एक अडचण मात्र खरीच आहे, आणि ती पैशांची. आज जोड लावण्याचं काम जे थोडेफार लोक करतात ते स्ट्रीमर, आणि त्यांतल्या बऱ्याच जणांना कंपनीच पैसे देते. ज्याच्या पैशांवर जोड लागते त्याचाच गडी जिंकणार, अशा कुस्तीला आपल्याकडे नुरा म्हणतात आणि खासबागेत ती लागली तर लोक खुर्च्या मोडतात. ऑनलाइन मात्र ती लागली हे कळतही नाही, कारण तिथला प्रेक्षक डाव शिकलेलाच नाही. म्हणून अर्धा कॉलम फुकट लिहून घेण्याचा मोह संपादकांनी टाळावा. नाटकाच्या परीक्षणाला देतात तेवढं मानधन दिलं तरी पुरे. लिहिणारी चार पोरं राजारामपुरीतच मिळतील, आणि त्यांतलं एखादं तरी तोंडावर सांगेल की हे नको नेऊस.